पंचनाम्यासाठी झाडलेलं वर्कशॉप

माझ्या मामाने आयुष्यात एकच घोडचूक केली. सरकारी माणसं मोजणीला येणार म्हणून त्याने आपलं वर्कशॉप झाडूनपुसून लख्ख केलं.

हे ऐकलं की लोक हसतात. सुरुवातीला मीही हसले होते. पुढे जे झालं ते पाहून हसू पळालं आणि राग आला, तो अजून उतरलेला नाही. मी शाळेत गणित शिकवते, त्यामुळे रागावणं माझ्या पगारातच धरलेलं आहे. पण वर्गातला राग घंटा झाली की संपतो. हा संपत नाही, म्हणून लिहायला बसले.

मामा टर्नर. म्हणजे लेथवर लोखंड आणि पितळ कातून त्याचे दांडे, पिना आणि बुश, म्हणजे दांड्याभोवती बसणाऱ्या कड्या, बनवणारा कारागीर. जुन्या रस्त्याच्या कडेला त्याची पत्र्याची शेड होती. आत एक मोठी लेथ, एक छोटी, एक ड्रिल मशीन, आणि खिडकीपाशी एक लाकडी बाक. तो बाक मामीचा. मामाने भाग कातून दिला की मामी कानशीने त्याच्या कडा घासून गुळगुळीत करायची. लग्नानंतर दुसऱ्याच महिन्यात ती त्या बाकावर जाऊन बसली, ती तेहतीस वर्षं उठली नाही. दोघांत मालक कोण, असं कुणी गमतीने विचारलं तर म्हणायची, "तो धार काढतो, मी धार घालवते. आता तुम्हीच काय ते ठरवा."

मामाला अख्खा बाजार 'केसभर' म्हणत असे. कुणी तुटका भाग घेऊन आलं की तो मापून सांगायचा, "अहो, हा मुळातच केसभर जाड होता, तुटणारच." स्वतःच्या हातचा भाग केसभर इकडेतिकडे झाला तर तो गिऱ्हाइकाला दाखवायचासुद्धा नाही, सरळ बाजूला टाकून नवा करायला घ्यायचा. "चालेल हो, द्या तसाच," असं त्याच्यापुढे म्हणायची सोय नव्हती. "चालेल म्हणजे किती दिवस चालेल?" असा उलट प्रश्न यायचा. रस्त्यापलीकडच्या पिठाच्या गिरणीची मालकीण, जिला सगळे गिरणीवालीच म्हणतात, ती एकदा वैतागून म्हणाली होती, "याला केस कापायला बसवला तर एका डोक्याला आठवडा लावेल." तरी तिच्या गिरणीचा प्रत्येक बुश मामाकडूनच यायचा.

मोठी लेथ हे त्याचं सर्वस्व होतं. जमिनीत चार फूट खोल काँक्रीटचा पाया, त्यात पुरलेले बोल्ट, त्यावर मशीन. ती पाण्याच्या पातळीत आणायला त्याला अकरा दिवस लागले होते. लेथ म्हणजे काही कपाट नव्हे, की उचललं आणि पलीकडच्या भिंतीला लावलं. हलवायची तर क्रेन हवी, नवा पाया हवा, तो पाया सुकायला महिना हवा, आणि त्या महिन्यात चूल कशावर पेटणार हाही प्रश्न असतो.

तर या रस्त्याचा महामार्ग होणार, अशी नोटीस आली. शेड पूर्णच जाणार होती. मामाने ती शांतपणे वाचली आणि म्हणाला, "रस्ता मोठा व्हायलाच पाहिजे. किती माणसं मरतात इथे." बाजारातली बाकीची मंडळी मोर्चाची भाषा करत होती, तेव्हा हा गिरणीवालीशी नव्या जागेचं बोलत होता. तिने गोदामामागची मोकळी जागा भाड्याने द्यायचं कबूल केलं. शेडखालची जमीन मुळातच भाड्याची होती, तिचे पैसे मालकाला जाणार होते. मामाच्या वाट्याला यायचं ते वर्कशॉपचं. आणि नियम अगदी सोपा होता. वर्कशॉप चालू असेल तर मशीन हलवण्याचा, नव्या पायाचा आणि बंद काळाचा खर्च मिळणार. चालू नसेल तर पत्रे आणि खांब, भंगाराच्या भावाने. म्हणजे मामाचं पुढचं सगळं आयुष्य, मामीच्या बाकासकट, कागदावरच्या एका नोंदीवर टांगलेलं होतं.

ती नोंद करायला माणसं येणार म्हणून मामा दोन दिवस आधीपासून कामाला लागला. हातातली कामं परवावर ढकलली. लोखंडाचा कीस पोत्यांत भरून मागे नेऊन ठेवला. कातताना थंडाव्यासाठी लेथवर सोडायचं दुधासारखं पांढरं पाणी काढून टाकलं, टाकी धुतली. फरशी सोड्याने घासली. मशीनना तेलाचा हात फिरवला आणि मामीने जुन्या चादरींची शिवलेली झाकणं धुऊन, इस्त्री करून वर घातली.

"जावई येतोय का तुझा?" मामीने विचारलं. त्यांना मुलगी नाही, मुलगाही नाही, तेव्हा जावयाचा प्रश्नच नव्हता.

"चार माणसं दारात येणार," मामा म्हणाला. "बुटांना तेल लागलं, कपड्यांवर डाग पडले तर काय म्हणतील?"

मोजणीच्या दिवशी मी शाळेत होते, पण मामीने ती हकिगत इतक्या वेळा सांगितली आहे की पाढ्यासारखी पाठ झाली आहे. तिघे आले. एक काळ्या चष्म्याचा इंजिनिअर, एक फीतवाला, एक लिहिणारा. चष्मेवाल्याने चष्मा काढला नाही आणि कानाचा फोनही काढला नाही. मामा इस्त्रीचा शर्ट घालून उभा होता. त्याने विचारलं, "साहेब, मशीन सुरू करून दाखवू का?"

"नको, नको. आम्हाला फक्त मापं घ्यायचीत."

मामाला उलट बरंच वाटलं. लेथ सुरू केली असती तर पाण्याचे शिंतोडे साहेबांच्या पांढऱ्या शर्टावर उडाले असते. फीतवाल्याने लांबी-रुंदी घेतली, लिहिणाऱ्याने लिहिलं, मामाने सही केली. बारा मिनिटांत तिघे पुढच्या दुकानात.

मी नंतर त्याला विचारलं, "मामा, वाचलं नाहीस सही करताना?"

"पाहुण्यासमोर कागद वाचत बसायचं? चोर आहेत का ते?"

मला खरंच त्याला गदागदा हलवावंसं वाटलं. जो माणूस अंगठ्याएवढी पिन हातात देण्याआधी तीनदा मोजतो, त्याने स्वतःच्या नशिबाचा कागद एकदाही न मोजता सोडून दिला! पण त्याच्या धंद्यात माणसाच्या शब्दावर काम चालतं. "संध्याकाळपर्यंत देतो" म्हटलं की दिलं, "पैसे सोमवारी" म्हटलं की सोमवारी आले. त्याला वाटलं, मोजायला आलेली माणसं आहेत म्हणजे ती मोजणारच. मोजणाऱ्यावर त्याचा पहिल्यापासून विश्वास.

आठ महिन्यांनी निवाड्याची प्रत आली. मी शाळेतून थेट तिथे गेले, कारण मामीने फोनवर नुसतं "ये" म्हटलं होतं. कागद बाकावर होता. मामाच्या नावासमोर लिहिलं होतं : पत्र्याची शेड, वापरात नाही. आत जुनी यंत्रे कापड घालून ठेवलेली आढळली. पुढे पत्र्यांची किंमत. मशीन हलवण्याच्या खर्चासमोर आडवी रेघ. धंद्याच्या नुकसानीसमोर आडवी रेघ.

मामी हसली. ते हसणं मला आवडलं नाही. "तेहतीस वर्षं मी वापरात नसलेल्या जागी बसले होते होय?" ती म्हणाली, आणि हातातल्या बुशावर पुन्हा कानस मारू लागली. मागे लेथ चालू होती. ज्या लेथला सरकारने मृत ठरवलं होतं ती आमच्या कानांपाशी घरघरत होती आणि मामा तिच्यावर कुणाच्या तरी पंपाचा दांडा कातत होता.

आता रस्त्यापलीकडच्या प्लॉटवाल्याचं ऐका, म्हणजे माझा राग कुठून येतो ते कळेल. या गृहस्थाने जन्मात पाना धरलेला नाही. त्याच्या प्लॉटवर कुंपण आणि गवत, दुसरं काही नव्हतं. रस्त्याची कुणकुण लागताच त्याने चार पत्रे ठोकले, भंगारातून दोन गंजलेली मशीनं आणून ठेवली, गॅरेजमधून जळकं तेल आणून जमिनीवर ओतलं आणि मोजणीच्या सकाळी भाड्याचा जनरेटर लावून एक मोटर फिरवत ठेवली. तेलकट जमीन, जनरेटरचा आवाज, धूर! चष्मेवाले साहेब उंबऱ्यातूनच परतले म्हणे, बुटांना तेल लागेल म्हणून. निवाड्यात त्याच्यासमोर काय? चालू वर्कशॉप. यंत्रे हलवण्याचा खर्च मंजूर, नुकसानभरपाई मंजूर, सगळं मंजूर.

आणि याच्यावर कडी ऐका. त्या सकाळी ती मोटर इतकी खडखडत होती की मामाला ऐकवेना. साहेब यायच्या अर्धा तास आधी हा रस्ता ओलांडून गेला आणि प्लॉटवाल्याला म्हणाला, "अहो, बेअरिंग गेलंय तुमचं, मशीन मरेल अशाने." शेडमधून बेअरिंग आणलं आणि बसवून दिलं. पैसे घेतले नाहीत. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात. इथे तर संन्याशाने चोराच्या शिडीचा पाय धरला होता.

"तुला कळलं नव्हतं, तो नाटक करतोय ते?" मी ओरडले.

"कळलं होतं," मामा म्हणाला. "पण बेअरिंगचा काय दोष?"

असल्या माणसाचं काय करायचं, तुम्हीच सांगा.

मी त्याला घेऊन भूसंपादनाच्या ऑफिसात गेले. लांबलचक खोली, भिंतीला टेकलेली लोखंडी कपाटं, कपाटांवर फायली, फायलींवर धूळ. चौथ्या टेबलापाशी आमचा कारकून. त्याने फाईल काढली, ओळीवर बोट ठेवलं आणि म्हणाला, "पंचनाम्यात वापरात नाही असं आहे. खाली सही तुमचीच आहे."

"मशीन चालू आहे," मी म्हटलं. "आत्ता चला, दाखवते."

"तेव्हा झाकलेलं होतं."

त्याच्या टेबलावरचा कॉम्प्युटर प्लॅस्टिकच्या खोळीत होता. खोळीवर चहाच्या कपाचा गोल डाग पडलेला. मी ती खोळ बोटाने उचलली. "हासुद्धा झाकलेला आहे. तुमचं ऑफिस वापरात नाही असं लिहू का?"

शेजारच्या टेबलावरची बाई खुदकन हसली. कारकून हसला नाही. मामाने माझा दंड धरला आणि हळूच म्हणाला, "त्यांना कशाला? त्यांनी थोडंच लिहिलंय?" मग कारकुनाकडे वळून त्याने अतिशय नम्रपणे विचारलं, "साहेब, दुरुस्ती कशी करायची असते?" जणू ही एक फाईल होती आणि हिचाही एखादा बुश झिजला होता.

हरकत घ्यायची असते, असं कळलं. हरकत मी लिहिली. विजेची बिलं जोडली, गिरणीवालीचं पत्र जोडलं, बस डेपोच्या मेकॅनिकचं पत्र जोडलं, सरकारी दवाखान्यातल्या खाटांची चाकं मामाने बसवली होती त्याचं पत्र जोडलं. अठ्ठावीस पानं झाली. फेरतपासणी होईल असा शिक्का मिळाला. मी खुश होऊन घरी आले. गणिताचं एक बरं असतं, मांडणी बरोबर असली की उत्तर बरोबर येतं. इथे तसं नसतं हे मला शिकायचं होतं.

दोन आठवड्यांनी विजेच्या कंपनीची माणसं शिडी घेऊन आली आणि वर्कशॉपची तार तोडून गेली. वरून यादी आली होती. संपादनात गेलेल्या ज्या जागा वापरात नाहीत त्यांची वीज आधी तोडायची. चालू धंद्यांची मात्र जागेचा ताबा घेईपर्यंत ठेवायची. प्लॉटवाल्याने मोजणीनंतर कागदासाठी घेतलेली वीज राहिली. त्याच्या ओसाड पत्र्यांखाली एक पिवळा दिवा दिवसरात्र जळत होता आणि मामाची लेथ तेहतीस वर्षांत पहिल्यांदा दुसऱ्याच्या हुकमाने गप्प उभी होती.

फेरतपासणीची तारीख त्यानंतर नऊ दिवसांनी. म्हणजे आता तपासणीला माणूस येईल तेव्हा वर्कशॉप खरोखरच बंद असेल! आधी वापरात नाही म्हणून वीज तोडायची, मग वीज नाही म्हणून वापरात नाही असं लिहायचं. हे कुणी ठरवून केलं असतं तर निदान एखाद्याची मान धरता आली असती. तसंही नव्हतं. एका टेबलाने दुसऱ्या टेबलाला यादी पाठवली होती, बस्स. भाड्याने जनरेटर आणावा तर मोठ्या लेथला पुरेल असा बाजारात नव्हता, शहरातून आणायचं भाडं मामाला झेपत नव्हतं, आणि मी देते म्हटलं तर तो म्हणाला, "जनरेटर आणला तर माझ्यात आणि त्याच्यात फरक काय?"

मग त्याने काय केलं? बाजारातल्या गॅरेजवाल्याची जुनी सायकल आणली. मागच्या चाकाचा टायर काढला, सायकल लोखंडी घोडीवर उभी करून जमिनीला बोल्टने जखडली आणि चाकाच्या नुसत्या रिमवरून लेथच्या पुलीपर्यंत लांब पट्टा घातला. पायडल मारलं की लेथ फिरणार. पोलाद काही कातलं गेलं नसतं, पण पितळ कातायला एवढा जोर पुरे होता. तीन दिवस तो पट्ट्याचा ताण साधत बसला. मामीने एक गोष्ट मात्र बजावली : "या वेळी झाडूला हात लावलास तर तोच तुझ्या पाठीत घालीन." जमिनीवर कीस पसरलेला राहू दे, डाग राहू दे, असं तिने ठरवलं होतं. तरी आदल्या संध्याकाळी तो एक कोपरा झाडताना सापडलाच.

तपासणीला आली ती एक मध्यमवयीन अधिकारी बाई, सोबत एक लिहिणारा. हिने चष्मा लावला होता तो डोळ्यांना दिसावं म्हणून. शेडमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. गिरणीवाली आली होती, शेजारचा शिंपी आला होता, डेपोचा मेकॅनिक अर्ध्या दिवसाची रजा टाकून आला होता. गॅरेजवाला सायकलवर चढला आणि पायडल मारू लागला. पट्टा सरकला, पितळ धरून ठेवणारं चक फिरलं, मामाने कातायचं हत्यार पुढे केलं आणि पितळेचा सोनेरी कीस निघू लागला. गॅरेजवाला दमला की मेकॅनिक चढायचा, मेकॅनिक दमला की शिंपी. शिंप्याचे पाय जन्मभर मशीनवरच गेलेले, तो सगळ्यांत जास्त टिकला. एक माणूस घाम पुसत उतरत होता, दुसरा चढत होता, आणि मामाचं मात्र कुणाकडे लक्ष नव्हतं. तो हत्याराच्या टोकाकडे बघत होता.

पाऊण तासाने बुश तयार झाला. मामाने तो मामीला दिला, मामीने कडा मारल्या, पदराने पुसला आणि बाईंच्या हातात ठेवला. मामाने मायक्रोमीटर पुढे केला. "तुम्हीच मोजा." बाईंना तो वापरता येत नव्हता, त्याने दाखवलं. गिरणीवालीने दिलेल्या मापाशी आकडा तंतोतंत जुळला. बाई थोडा वेळ तो बुश हातात फिरवत राहिल्या. "सुंदर आहे हो," त्या म्हणाल्या, आणि त्या ते मनापासून म्हणाल्या. मला वाटलं, जिंकलो.

मग त्या बाकावर बसल्या आणि त्यांनी लिहायला घेतलं. बराच वेळ लिहिलं. कागद मामाच्या पुढे सरकवला. "इथे सही करा."

या वेळी मामा सही करायला वाकला नाही. त्याने खिशातून चष्मा काढला, काच शर्टाने पुसली आणि एकेक शब्द वाचला. मी त्याच्या खांद्यावरून वाचत होते. तपासणीवेळी वीजजोडणी आढळली नाही. मुख्य यंत्र विजेवर चालू स्थितीत आढळले नाही. शेड वापरात नाही, या पूर्वीच्या नोंदीत बदलाचे कारण दिसत नाही.

"बाई," मामा म्हणाला, "तुमच्या हातात काय आहे?"

त्यांच्या हातात अजून तो बुश होता. त्या ओशाळल्या. "मी पाहिलं ते मान्य आहे मला. पण फॉर्ममध्ये वीज आहे की नाही एवढंच विचारलंय. सायकलचा रकाना नाही. मी मनाने काही लिहिलं तर वरचे मला विचारतील."

मामाला चिडलेलं मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. आवाज चढला नाही, उलट खाली गेला. "मी मनाने काही केलं तर तो भाग बसत नाही, हे मला समजतं," तो म्हणाला. "पण मापात आलेला भाग मी मापात नाही असं कधी म्हटलेलं नाही. तुम्ही डोळ्यांनी पाहिलंत, हाताने मोजलंत, आणि लिहिताय की पाहिलं नाही. ही सही मी करणार नाही."

"सही नाही केलीत तर तुमचंच नुकसान—"

"नुकसान मागच्या सहीने झालंय," मामी बाकापलीकडून कडाडली. "या सहीला आता काय उरलंय घ्यायला?"

मग मामाने बाईंच्याच पेनने सहीच्या जागी आपल्या बारीक अक्षरात लिहिलं : आज माझ्या लेथवर बाईंच्या समोर बुश कातला, बाईंनी स्वतः मोजला, माप बरोबर आलं. हे वर लिहिलेलं नाही, म्हणून सही करत नाही. त्याखाली गिरणीवालीने सही केली. मग शिंप्याने, गॅरेजवाल्याने, मेकॅनिकने. बाहेर उभी असलेली माणसं एकेक आत आली. कागद भरला तेव्हा त्याच्या मागच्या बाजूला सह्या झाल्या. एकेचाळीस. बाईंनी तो कागद अडवला नाही, फाडला नाही, घडी घालून फाईलमध्ये ठेवला. एवढं श्रेय मी त्यांना देते. त्याहून जास्त देणार नाही. वाईट माणसाने वाईट लिहिलं तर राग तरी सरळ येतो. चांगल्या माणसाने चांगलं पाहून वाईट लिहिलं, त्या रागाला तोंड कुठलं?

प्रकरण लवादाकडे गेलं, म्हणजे दोन्ही बाजूंचं ऐकून निकाल देणाऱ्या आणखी वरच्या ऑफिसात. तिथल्या तारखांची यादी मी देत नाही. साहेब रजेवर, फाईल सापडत नाही, पुढच्या महिन्यात या, यातलं काहीही कुठेही घाला, चालेल. रस्ता मात्र कुणासाठी थांबला नाही. शेडचा ताबा घेतला गेला. क्रेनचं भाडं द्यायला मामाने छोटी लेथ विकली आणि मोठी लेथ गिरणीवालीच्या गोदामामागे नेऊन ठेवली. नव्या पायाला पैसे नव्हते, वर छप्पर नव्हतं. दुहेरी ताडपत्री, त्यावर दोऱ्या. मामा दर रविवारी जाऊन तेल लावायचा. बाकीचे दिवस तो डेपोत रोजावर काम करू लागला, दुसऱ्याच्या लेथवर, वयाच्या एकसष्टाव्या वर्षी. मामी घरी बसली. रिकाम्या हातांना सवय नव्हती, तर ती घरातल्या चमच्यांच्या कडा घासत बसायची, आणि मी गेले की पटकन लपवायची.

पावसाचे दोन हंगाम त्या ताडपत्रीवरून गेले. पाणी कुठून ना कुठून शिरतंच. लेथचा बेड, म्हणजे ज्या सपाट रुळांवर सगळं सरकतं तो भाग, आधी तांबूस झाला, मग त्याला बारीक खड्डे पडले. मामा बोटाचं पेर त्यावरून फिरवायचा आणि पुन्हा तेल लावायचा. असा बेड पुन्हा सपाट करून घ्यायचा तर नव्या मशीनएवढा खर्च.

निकाल वीस महिन्यांनी आला. आमच्या बाजूने. एकेचाळीस सह्यांच्या त्या कागदाचा उल्लेख करून लवादाने लिहिलं होतं की सदर वर्कशॉप संपादनाच्या वेळी चालू होते हे सिद्ध होते, सबब यंत्र हलवण्याचा आणि नव्या पायाचा खर्च देण्यात यावा. मी तो वाचून दाखवला. वरातीमागून घोडं म्हणतात, पण हे घोडं वऱ्हाडी घरी जाऊन झोपल्यावर आलं होतं. जोवर लेथ चालत होती तोवर सरकारच्या लेखी ती मेलेली, आणि ती मेली तेव्हा सरकारने ती जिवंत असल्याचा दाखला दिला. गंज चढल्याबद्दल काही मिळेल का, असं मी वकिलाला विचारलं. तो म्हणाला, त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागेल, आणि गंज संपादनामुळेच चढला हे सिद्ध करावं लागेल.

मामा म्हणाला, "नको. पुरे." नव्या पायाचे पैसे आले, पण पायावर बसवायचं काय?

भंगारवाला आला त्या दिवशी मला सुट्टी होती. त्याने ताडपत्री काढली, लेथभोवती एक चक्कर मारली, लोखंडावर हाताने थाप दिली. माणूस जुना होता, मामाला ओळखत होता, त्याला चार पैसे जास्त द्यायची त्याची इच्छा होती हे मला दिसत होतं. "केसभरशेठ, तुमच्या शब्दावर घेतो," तो म्हणाला. "चालू मशीन असेल तर मशीनचा भाव देतो, बंद असेल तर वजनावर. तुम्ही सांगाल ते. बोला, चालू आहे ना?"

मी मनात म्हणत होते, म्हण ना चालू! एवढी सगळी खोटी माणसं खोटं बोलून सुटली, तू एकदा तरी म्हण. लवादाचा शिक्क्याचा कागद माझ्या पर्समध्ये होता. मामीने माझ्याकडे पाहिलं. तिच्याही मनात तेच होतं.

मामाने पुलीला हात लावून ती फिरवून पाहिली. ती फिरली, पण मध्येच अडकली.

"बंद आहे," तो म्हणाला. "वजनावर घ्या."